मामा, कॅमेरा आणि भेगाळलेली जमीन

एका अहवालाचं मुखपृष्ठ करायचं होतं, विषय मराठवाडा. फोटो विकणाऱ्या एका वेबसाइटवर 'मराठवाडा' टाइप केलं आणि पडदा भरून भेगाळलेली जमीन आली. मग डोक्यावर हंडे घेतलेल्या बायका, मग आभाळाकडं बघणारा म्हातारा, मग परत जमीन. मामा तेव्हा मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी सेलूहून आमच्याकडं पुण्याला आलेले. चहाचा कप घेऊन माझ्या मागं उभे होते.

"ही जमीन कुठली म्हणायची?"

"आपलीच की मामा. मराठवाडा."

"छ्या. हा तळ्याचा गाळ हाय, वाळलेला. म्हणून तर फरशीवानी चौकोन पडलेत. काळं रान भेगाळतं ते निराळं, आन् ते सुकाळातबी भेगाळतं. पाणी पिलं की फुगतं, वाळलं की आकसतं. त्याचा सोभावच हाय तो. दुष्काळ दाखवायचा म्हणलं की लोक तळ्यात जाऊन फोटो काढायलेत."

मामांनी सेलूच्या एका शाळेत ३२ वर्षं चित्रकला शिकवली. एलिमेंटरी-इंटरमिजिएटला किती पोरं बसवली याचा हिशोब त्यांनाही नाही. त्यांचा जुना राग स्मरणचित्राच्या पेपरवर आहे. विषय येतो 'आठवडी बाजार', आणि परभणी जिल्ह्यातलं पोरगं बाजारामागं दोन त्रिकोणी डोंगर, मधून उगवणारा सूर्य आणि बाजूला नारळाचं झाड काढतं. नारळ कुठं पाहिलास रे, असं विचारलं तर म्हणतं, सर, गाईडात आहे.

त्या दिवशीच्या चहावर ठरलं की मराठवाड्याची चित्रं आणि फोटो मराठवाड्यात राहून कोण करतंय ते बघून यायचं. जानेवारीत पाच दिवस मोकळे होते, माझी जुनी वॅगन-आर होती, आणि मामांचे विद्यार्थी गावोगाव पसरलेले होते. निघालो.

दिवस पहिला: संभाजीनगर

मामा अजून औरंगाबादच म्हणतात, मीही मधूनमधून. आदल्या संध्याकाळी पोहोचलो तेव्हा भोगी होती. मामांच्या एका विद्यार्थ्याच्या घरी मुक्काम. तीळ लावलेली बाजरीची भाकरी, त्यावर लोणी, आणि वांगं-गाजर-पावटा-बोरं सगळं एकत्र घातलेली भाजी. बोरं बियांसकट असतात, पहिल्या घासाला दात सांभाळा.

१४ जानेवारीला घरोघर संक्रांत आणि विद्यापीठाच्या गेटवर नामविस्तार दिन. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव द्यायचा ठराव विधिमंडळानं २७ जुलै १९७८ ला केला. त्यावरून मराठवाड्यात दलित वस्त्या जाळल्या गेल्या, आणि नाव प्रत्यक्ष लागायला १४ जानेवारी १९९४ उजाडला. आता या तारखेला गेटपुढं पाय ठेवायला जागा नसते. पांढरे कपडे, निळे झेंडे, पुस्तकांचे स्टॉल, कुठंतरी भीमगीतांचा स्पीकर, आणि सगळीकडं फोटो काढणारे हात. नामांतराच्या लढ्यात गेलेल्यांचे चेहरे बॅनरवर होते. मूळ फोटो बहुधा पासपोर्ट साइजचे असावेत. इतक्या वेळा मोठे करून छापलेत की नाकडोळे विरघळत चाललेत.

हिंगोलीकडचं एक कुटुंब भेटलं. दरवर्षी गेटच्या त्याच खांबापुढं, त्याच क्रमानं उभं राहून एक फोटो काढतात. आईच्या पिशवीत प्लॅस्टिकचा छोटा अल्बम होता. पहिल्या फोटोत कडेवर असलेली मुलगी आता नर्सिंगला आहे. अल्बममध्ये दोन वर्षं आजोबांची जागा मोकळी सोडून बाकीचे उभे आहेत, तिसऱ्या वर्षी तिथं नातू. हे कुणी ठरवलं विचारलं तर आई म्हणाली, "ठरवायचं काय, उभं राहिलो की तसंच झालं." मी चौकट, रचना असले शब्द रोज वापरते. तिथं गप्प बसले.

पुस्तकांच्या रांगेशेवटी एक मुलगी पेन्सिलनं बाबासाहेबांची चित्रं काढून विकत होती. किलेअर्कमधल्या शासकीय कला महाविद्यालयात शिकते, वडवणी तालुक्यातली, आईवडील ऊसतोडीला. मामांनी तिच्या कागदावरचा चष्म्याचा कोन बघितला आणि "हात चांगला हाय" म्हणाले, जे त्यांच्या तोंडून क्वचित निघतं. दुपारी तिनं भाड्याच्या खोलीवर नेलं. घरमालकिणीनं आधी तिळगूळ दिला, मग चपला कुठं काढायच्या ते सांगितलं.

खोलीत चार कॅनव्हास होते आणि चारहींवर मुकादमाची, म्हणजे मजूर जमवून नेणाऱ्या ठेकेदाराची, वही. उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, किती घेतली, किती फिटली, किती राहिली. खरे जुने हिशोबाचे कागद चिकटवून त्यावर अंगठ्याचे ठसे हातभर मोठे करून रंगवलेले. लांबून शेताच्या सऱ्या वाटतात, जवळून अंगठा. ऊसतोडीत नवराबायकोच्या जोडीला मिळून एक 'कोयता' म्हणतात, वहीत नाव नवऱ्याचं आणि ठसाही त्याचाच. आईचा ठसा तिला एकाही पानावर मिळाला नाही. म्हणून चौथ्या कॅनव्हासवर तिनं तो कोरा सोडलाय.

मुंबईचे चित्रकार विक्रांत भिसे यांची आंबेडकरी चळवळीवरची चित्रं तिनं फोनवर साठवली होती. मोर्चे, माणसांची दाटी, निळा रंग. सुधारक ओलवेंचे मुंबईच्या सफाई कामगारांचे कृष्णधवल फोटोही होते. ओलवे मूळचे अकोल्याचे, २०१६ ला पद्मश्री. "प्रत्यक्ष यातलं एकपण नाही पाहिलं मॅडम. प्रदर्शनं मुंबईला लागतात." तिचं स्वतःचं काम गावात कुणी पाहिलंय का, विचारलं. ती हसली. "आजीला फोटो दाखवला होता. तुम्ही तिकडं जाणार असाल तर भेटा आजीला. ती सांगेल तुम्हाला."

असा तिसऱ्या दिवसाचा रस्ता ठरला.

रात्री मी नान-खलिया खाल्लं. तुघलकाच्या फौजेसोबत इथं आलेला पदार्थ म्हणून सांगतात. मामा माळकरी, त्यांनी शेजारच्या हॉटेलात वरणभात मागवला आणि माझ्याकडं पाठ करून बसले.

दिवस दुसरा: अजिंठा

आधी कामाचं. लेणी सोमवारी बंद असतात (वेरूळ मंगळवारी). संभाजीनगरहून १०० किलोमीटर धरा, पण तासांत मोजा, रस्त्याच्या मूडवर आहे. खासगी गाडी टी-पॉइंटपर्यंतच, पुढचे ४ किलोमीटर तिथल्या बसनं. सहज निघणाऱ्या चपला घाला, प्रत्येक लेण्याबाहेर काढाव्या लागतात. फ्लॅश चालत नाही. आत अंधार असतो, डोळ्यांना पाच मिनिटं द्या. लोक डोळे सरावायच्या आतच बाहेर पडतात. चित्रांसाठी १, २, १६ आणि १७ क्रमांकाची लेणी. वेळ कमी असेल तर १७ ला जास्त द्या.

मामांनी शाळेची सहल इथं वीस वेळा तरी आणली असेल. पहिल्या लेण्यात पद्मपाणीपुढं गर्दी होती म्हणून आम्ही छताकडं बघत उभे राहिलो. फुलं, फळं, हंस, आणि परदेशी टोप्या घातलेली, पायात मोजे असलेली माणसं. मामा बराच वेळ वर बघत होते. मान दुखेल म्हणून मी हात लावला.

"हा निळा कुठून आला?"

"कुठला?"

"हा काय. हा न्हवता मागच्या खेपेला."

मला आधी कळलंच नाही. मग लक्षात आलं. मोतीबिंदू झाला की डोळ्याचं भिंग पिवळसर होत जातं आणि निळा रंग सगळ्यात आधी मरतो. ऑपरेशनला दोन महिने झाले होते, नवी भिंगं घेऊन मामा पहिल्यांदाच इथं आलेले. अजिंठ्याच्या रंगात गेरू, पिवळी माती, काजळी, पांढरी माती, हिरवा दगड हे बहुतेक आसपासचं. निळा मात्र लाजवर्द नावाच्या दगडाचा, तो अफगाणिस्तानातून यायचा. जुन्या ९ आणि १० क्रमांकाच्या लेण्यांत तो नाही, नंतरच्या, वाकाटक राजांच्या काळातल्या लेण्यांत आहे.

मामा १७ नंबरपर्यंत फक्त निळाच शोधत गेले. जातककथा नाही, बोधिसत्त्व नाही. एखाद्या दागिन्यात, छताच्या पट्टीत, कापडाच्या कडेला दिसला की मला कोपरानं ढोसायचे. बाहेर कट्ट्यावर बसल्यावर म्हणाले, "वीस वर्षं पोरांना सांगितलं की अजिंठ्यात निळा फार नाही. चुकीचं शिकवलं गं."

१७ मधली मला आवडलेली जागा सांगते. भिंतीवर महाल आहेत, राजपुत्र आहेत, पण त्यांच्या कडेला कामाची माणसं खच्चून भरलीत. चवरी ढाळणारी, ओझं वाहणारी, खांबाआडून बघणारी दासी. कथा दोन हजार वर्षांच्या जुन्या असतील, त्यातले कपडे, केस, भांडी मात्र चित्रकारानं आपल्याच काळातली घातली असणार. त्या माणसांनी स्मरणचित्राचा पेपर गाईड न बघता सोडवला होता.

फर्दापूरला जेवलो. इथून खानदेश सुरू होतो, जानेवारीत भरताची वांगी असतात. भरीत, कळण्याची भाकरी, कांद्याची पात. मामा तिथं निळ्याबद्दल वाढप्याशीही बोलले.

परतताना घाट चढून अजिंठा गावात थांबलो. लेणी बघून लोक थेट निघून जातात, गावात कुणी येत नाही. मेजर रॉबर्ट गिल याच गावात राहायचा. इंग्रज अधिकारी जॉन स्मिथ २८ एप्रिल १८१९ ला वाघाच्या शिकारीत लेण्यांपाशी पोहोचला आणि दहाव्या लेण्यातल्या खांबावर नाव कोरून गेला. गिलला मात्र १८४४ मध्ये चित्रांच्या नकला करायलाच पाठवलं होतं. त्यानं वर्षानुवर्षं मोठाल्या तैलचित्रांत नकला केल्या, त्या लंडनला गेल्या, आणि १८६६ मध्ये क्रिस्टल पॅलेसच्या आगीत बहुतेक जळाल्या. पुढं मुंबईच्या जे. जे. कलाशाळेचे जॉन ग्रिफिथ्स आपले विद्यार्थी घेऊन आले. पेस्तनजी बोमनजी त्यातलेच. १८७२ ते १८८५ परत नकला केल्या. त्याही लंडनला गेल्या आणि त्यातल्याही बऱ्याच १८८५ च्या आगीत गेल्या. मामा म्हणाले, "पोरांची चित्रं इन्स्पेक्टरनं नेली की परत येत नाहीत, तसंच."

गिलनं नंतर कॅमेराही हातात घेतला. अजिंठ्याचे आरंभीचे फोटो त्याचे. फोटोग्राफर बेनॉय बहल यांनी १९९० च्या दशकात फ्लॅश न लावता, असलेल्या मंद उजेडात ही चित्रं टिपली. मी कॉलेजात अजिंठा शिकले ते त्या फोटोंवरून.

गावात पारोची कबर आहे. गिलची पारो, इथली स्थानिक बाई. दगडावर इंग्रजीत मजकूर, २३ मे १८५६ ही मृत्यूची तारीख. एक शाळकरी मुलगा मागं मागं आला आणि सगळी प्रेमकथा एका दमात सांगितली, शेवटी "सिनेमा पण आहे" म्हणाला. मामांनी कबरीचा दगड वहीत काढला. मी पलीकडं शेळ्या हाकणारी बाई टिपायला कॅमेरा उचलला, तर तिनं ओरडून "काढू नका" सांगितलं. नाही काढला.

दिवस तिसरा: बीड, वडवणी आणि एक गाव

सकाळी निघताना कॅमेऱ्याचा चार्जर भिंतीतच राहिला. कळलं ते गेवराई ओलांडल्यावर, आणि बॅटरी एका रेघेवर. हा घोळ झाला नसता तर या प्रवासातला सगळ्यात चांगला माणूस भेटलाच नसता.

तालुक्याच्या गावात एक फोटो स्टुडिओ दिसला. मालक चाळिशीचा, माझ्याच कंपनीचा कॅमेरा वापरणारा. "बसा ताई, चहा घ्या, तोवर होती चार्ज." त्या तासाभरात दुकान पाहिलं. लग्नाचे अल्बम, लॅमिनेशन, आधारचे फोटो, आणि मागं पडद्यावर ओढायची बॅकग्राउंडं. सगळ्यात जास्त कुठलं चालतं? "धबधबा." जराही विचार न करता सांगितलं त्यानं. "स्वित्झर्लंड दोन नंबरला. पण धबधबा तो धबधबाच."

त्याचा खरा धंदा दसऱ्याच्या आधीचे पंधरा दिवस. ऊसतोडीच्या टोळ्या निघायच्या आधी अख्खी घरं फोटो काढून जातात, कारण म्हातारे मागं राहणार आणि तान्ही लेकरं सोबत जाणार. उसाच्या फडावरच्या कोपीत, म्हणजे झोपडीत, लेकरू मोठं होतं, मार्च-एप्रिलला परत येतं तेव्हा आजीला ओळखत नाही. म्हणून एक प्रिंट घरी, एक ट्रॅक्टरवर.

तो आमच्यासोबत गावात यायला निघाला, दुकान भावावर टाकून. मामा पुढं बसले, तो मागं, आणि रस्ता दोघंही सांगत होते.

जानेवारीत त्या गावात शिरलं की आधी कुलपं दिसतात. दहातली सहा-सात घरं बंद. पारावर म्हातारे, शाळेच्या हंगामी वसतिगृहात जेवणारी पोरं, बाकी शुकशुकाट. ज्वारी मात्र कणसाला आलेली, रान हिरवंगार. बाहेरून कुणी कॅमेरा घेऊन आलंच तर एप्रिल-मेमध्ये येतं, त्यामुळं हे हिरवं कुठल्याच वेबसाइटवर नाही.

आजी चुलीपुढं बसल्या होत्या. दारातून तिरपा उजेड, धूर, भाकरी उलटणारा हात. मी परवानगी विचारली, त्या "काढ की" म्हणाल्या आणि मी वीसेक फोटो काढले. मला माहीत होतं, उत्तम आलेत.

नातीच्या चित्रांचा विषय काढला. "पाह्यली. वही काढती ती हिशोबाची. मुकादमाची वही लई बारीक काढली पोरीनं, आकडाबी बरोबर हाय. पर त्यात म्या कुठं हाय? तिचा बाप कुठं हाय?" कोऱ्या ठशाचं मी सांगायला गेले. त्यांनी ऐकून घेतलं. "म्हंजी आमचा कोरा कागद," म्हणाल्या. रागानं नाही.

गावात कॅमेरे नवीन नाहीत. २०१९ ला बीडच्या ऊसतोड बायकांची गर्भाशयं काढल्याची बातमी देशभर गाजली, सरकारनं चौकशी समिती नेमली, तेव्हा इथंही लोक आले. ओळख कळू नये म्हणून बायकांना पाठ करून बसवायचे. ते चूकही नाही. पण आजी म्हणाल्या, "पाठीचे लई फोटो निघाले त्या साली गावात." शेजारच्या म्हातारीला हसू आवरेना.

मग त्या उठल्या. "थांब, आता मपला फोटो काढ." आत गेल्या, पंधरा मिनिटांनी बाहेर आल्या त्या हिरव्या काठाचं निळं इरकल नेसून, डोईवर पदर, गळ्यात डोरलं. उभ्या राहिल्या लोखंडी दरवाजापाशी. तो दरवाजा गेल्या हंगामाच्या पैशांतून बसवलेला. हा फोटो लेकाला पाठवायचा होता. सांगली जिल्ह्यात कुठल्यातरी कारखान्याच्या फडावर होता तो. तेव्हा ऊन डोक्यावर, चेहऱ्यावर सावलीचे डाग, मागं पत्र्याची चमक. खरं सांगते, मी दोनच क्लिक केले. मनानं मी अजून चुलीपाशीच होते.

स्टुडिओवाल्यानं कॅमेऱ्याच्या पडद्यावर चुलीचा फोटो पाहिला. "भारी आलाय ताई. पण असला फोटो घरात कोण लावणार?"

मी त्याला पत्रकार पी. साईनाथ यांच्याबद्दल सांगितलं. १९९३ ते २००२ या काळात दहा राज्यांत राबणाऱ्या बायकांचे फोटो काढले आणि ते प्रदर्शन गॅलऱ्यांपुरतं न ठेवता बसस्टँडवर, कारखान्यांच्या दाराशी, खेड्यांत नेलं. २०१४ ला त्यांनी सुरू केलेल्या 'पारी' या संकेतस्थळावर बीडच्या ऊसतोड कामगारांवरही लेख आहेत, मराठीत वाचता येतात. त्यानं साइट फोनवर उघडून ठेवली आणि विचारलं, "बायकांनी काय म्हणलं, स्टँडवर स्वतःला बघून?" हा प्रश्न मला सुचला नव्हता.

संध्याकाळी त्याच्या मेव्हण्याच्या रानात हुरडा. गोवऱ्यांची आगटी, कणसं भाजून तळहातावर चोळायची, गरम दाणे फुंकून तोंडात. सोबत शेंगदाण्याची चटणी, गूळ, दही. सूर्य बुडाला तशी थंडी कडाडून आली. मामा आगटीजवळून हलेनात. हुरड्यासाठी डिसेंबरची अखेर ते जानेवारीची अखेर हे दिवस धरा. पैसे घेऊन हुरडा देणारी केंद्रं हायवेवर आहेत, पण ओळखीचं रान असेल तर ते सोडू नका. गुबगुबीत जॅकेट न्या.

गावात फोटो काढणार असाल तर एवढं करा: त्यांचा किंवा जवळच्या कुणाचा नंबर घ्या आणि फोटो खरंच पाठवा. जमलं तर प्रिंट. तालुक्याच्या स्टुडिओत ऑनलाइन पैसे भरले की ते पोचवतात. फोटोग्राफरनं पुन्हा तोंड न दाखवल्याची तक्रार मी त्या एका दिवसात तिघांकडून ऐकली.

दिवस चौथा: अंबाजोगाई, लातूर

हा दिवस गाडीतच गेला. अंबाजोगाईला मुकुंदराजांची समाधी पाहिली, दरी सुरेख, माकडं डेंजर.

लातूरला एक पेंटर भेटले. साठीचे, अजून हातानं बोर्ड रंगवणारे, म्हणजे आता मुख्यतः ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या आणि देवळांची शिखरं. फ्लेक्स आल्यावर दुकानांचे बोर्ड गेले. भिंतीवर चुन्याचा दोरा मारून अक्षरांची रेघ कशी पाडतात ते त्यांनी करून दाखवलं. मामा बत्तीस वर्षं अक्षरलेखन शिकवलेला माणूस, दोघंही 'क्ष' वरून अर्धा तास भांडले.

२०१६ च्या टंचाईत मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं. पहिली गाडी १२ एप्रिलला, ५ लाख लिटर. गाडीचे फोटो जगभर गेले. पेंटरांना तेव्हा भिंतींवर 'पाणी जपून वापरा' रंगवायचं भरपूर काम मिळालं. "ऑइल पेंटला पाणी लागत नाही, नाहीतर तेबी झालं नसतं," म्हणाले. त्यांच्या खोक्याच्या दारावर शशिकांत धोत्रेंच्या एका चित्राची प्रत चिकटवलेली होती. धोत्रे सोलापूर जिल्ह्याचे. काळ्या कागदावर रंगीत पेन्सिलनं घरातल्या बायकांची चित्रं काढतात. "लुगड्याची चुणी बघा. पेन्सिल हाय ही, पेन्सिल!"

सकाळी गाड्यावरचा निलंगा राईस खा. साधा दिसतो, तेलकट असतो, दुसरी प्लेट मागवली जाते.

दिवस पाचवा: औसा, किल्लारी

औशात एक जुना स्टुडिओ आहे. आता मुलगा चालवतो, वडील काउंटरमागं खुर्चीत बसतात. मामांच्या एका शिक्षक मित्रानं सांगितलं होतं, त्यांना भेटल्याशिवाय किल्लारीला जाऊ नका.

३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. किल्लारीचा भूकंप. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, गणपती बुडवून लोक उशिरा झोपलेले. मातीत रचलेल्या दगडांच्या जाड भिंती आणि वर मातीचं जड माळवद, अशी घरं झोपलेल्या माणसांवर बसली. सुमारे आठ हजार माणसं गेली. देशोदेशीचे फोटोग्राफर आले. ते फोटो आपण सगळ्यांनी पाहिलेत, मी त्यांचं वर्णन करत नाही.

वडिलांनी जे सांगितलं ते असं. घरं गेली तसे घरातले फोटोही गेले. महिन्याभरानं लोक यायला लागले. "आमच्या लग्नाला तुम्ही आला होता, निगेटिव्ह असल." त्यांच्याकडं १९८० पासूनच्या निगेटिव्ह बिस्किटांच्या डब्यांत होत्या, डब्यावर फक्त गाव आणि साल. नवरा-नवरीचे फोटो सहज मिळाले. पण लोकांना हवी होती आई, चुलती, धाकटा भाऊ. त्यांचे वेगळे फोटो कुणी काढलेच नव्हते. मग ते भिंग घेऊन बसले. मागच्या रांगेतली माणसं, मांडवाच्या खांबाला टेकलेली, आणि सगळ्यात जास्त म्हणजे पंगतीतली. पंगतीच्या फोटोतून एकेक चेहरा मोठा करून काढला. सहा-सात महिने दुसरं काम घेतलं नाही.

"चेहरा नखाएवढा असायचा. मोठा केला की दाणे फुटायचे. मी म्हणायचो, ओळखू येत नाही हो. ते म्हणायचे, आम्हाला येतंय."

मुलानं एक डबा खाली काढून दाखवला. कॉन्टॅक्ट प्रिंटवर लाल पेन्सिलीचे गोल. एका पंगतीत अकरा बायका आणि सात गोल.

किल्लारीला आम्ही स्मृतिस्तंभापाशी थांबलो, मग नव्या गावात चहा प्यायलो. चहावाल्याच्या टपरीत देवांच्या शेजारी हार घातलेली एक तसबीर होती. बाई, पस्तिशीची असेल, मान खाली, नजर कॅमेऱ्याकडं नाही, खांद्याशी कुणाचातरी कापलेला हात. कडेला, फ्रेमच्या अगदी काठाशी, पत्रावळीचा तुकडा आणि त्यावर अर्धी बुंदी.

मी विचारलं नाही. मामांनी चष्मा काढून पुसला आणि दोन चहा आणखी सांगितले.

तुळजापूरला दर्शनाची रांग मोठी होती, बाहेरूनच हात जोडले. मामांना तिथं परभणीकडची एसटी मिळाली. मी सोलापूरमार्गे पुण्याला. संभाजीनगरहून चार्जर कुरिअरनं आला, खोक्यात रेवड्याही होत्या.

मुखपृष्ठासाठी मी तीन पर्याय पाठवले: चुलीचा फोटो, कणसाला आलेली ज्वारी, आणि त्या मुलीचा कोऱ्या ठशाचा कॅनव्हास, तिची परवानगी घेऊन. मीटिंग झाली. शेवटी भेगाळलेली जमीनच गेली. विषय लगेच पोचतो म्हणाले.

पंधरा दिवसांनी स्टुडिओवाल्याचा फोन. "ताई, आजी रोज विचारायल्यात. दरवाजापाशी उभ्या होत्या तो पाठवा ना." मी चुलीचे वीस कधीच पाठवले होते. दरवाजाचे दोन उघडले. एकात डोळे मिटलेले. दुसऱ्यात शेजारचं पोरगं मधेच धावलेलं, फोटो जरासा हललेला, पण आजी सरळ समोर बघतायत. तो पाठवला, माफी मागून.

दोन दिवसांनी त्यानं प्रिंटचा फोटो टाकला. बारा बाय अठराची फ्रेम, सोनेरी काठ. पोरगं कापलं होतं, पत्रा गेला होता. आजींच्या मागं धबधबा होता, चांगला दोन धारांचा, आणि लोखंडी दरवाजा मात्र त्यांनी ठेवायला लावला होता, त्यामुळं तो धबधब्यातच उघडत होता. फ्रेम घरात लावलीय, आणि एक प्रत सांगलीकडं गेलीय.

मी तो तसाच मामांना पाठवला. त्यांचं उत्तर रात्री आलं. "इरकलीचा निळा नीट आलाय."